रेघ काठीला लागत नव्हती

मला नालीत उभं केलं. कारण नाली फरशीपेक्षा अर्धा फूट खाली होती, आणि गणिताच्या बाईंचं उत्तर अर्ध्या फुटानं चुकत होतं.

हातात बांबू. पायाखाली शाळेच्या चौकातली नाली. मुलींनी हात धुतलेलं पाणी, दौती विसळलेलं काळं-निळं पाणी घोट्यापर्यंत. बाई फरशीवर उभ्या. त्यांनी एक डोळा मिटून माझ्याकडे पाहिलं. म्हणजे माझ्याकडे नाही, बांबूकडे.

"सरळ धर. हलू नकोस. हां, आता आलं."

उत्तर आलं. चार. मुलींनी टाळ्या वाजवल्या. बाईही हसल्या. मी नालीतच होते.

मी चौथी शिकलेली बाई. लिहायची सवय नाही. पण ही गोष्ट मी सांगितली की लोक म्हणतात, असं कसं होईल, गणितासाठी कुणी माणसाला नालीत उभं करतं का. म्हणून जसं झालं तसं सगळं लिहिते.

मी उज्जैनची. आम्ही महार. घरात मराठी, बाहेर हिंदी. लोक विचारतात, महार आणि इतक्या लांब माळव्यात कसे? जसे ते आले तसेच. सरदार आले, त्यांच्यामागे फडणीस, चिटणीस, भटजी आले, आणि त्यांच्या तोफांचे बैल हाकायला आम्ही आलो. एकाच रस्त्यानं आलो. एकाच नदीवर उतरलो, फक्त घाट वेगळे. त्यांच्या घरात मराठी टिकली तशी आमच्याही घरात टिकली. शाळेतल्या मुली मला बोलताना ऐकून एकमेकींना म्हणायच्या, "अगं, ही तर अगदी आपल्यासारखं बोलते." त्यांना नवल वाटायचं. मला त्यांच्या नवलाचं नवल वाटायचं.

बा कापडगिरणीत होता. गाठी फोडायच्या खात्यात. दिवसभर कापसात, संध्याकाळी भुवयासुद्धा पांढऱ्या. विणकाम खात्यात आमच्या माणसाला घेत नसत. तिथं तुटलेला धागा तोंडानं ओढून धोट्यातून काढावा लागतो. आमच्या तोंडाचा धोटा मग दुसऱ्याच्या तोंडाला लागणार, म्हणून नको. कापूस आमच्या हातचा चालायचा. धागा झाला की चालायचा नाही. माय भैरवगढला, कापड छापणाऱ्या छिपांकडे जायची. छापलेली लुगडी नदीवर धुवायची. तिचे हात मनगटापर्यंत तांबडे असायचे, सणालाही.

चौथीपर्यंत मी मोहल्ल्यातल्या शाळेत शिकले. एक खोली, एक मास्तर. मास्तर भला माणूस. चौथी झाली तेव्हा बाला म्हणाला, हिला पुढं घाल, सातवी झाली तर मास्तरीण होईल. मास्तरीण हा शब्द मी त्या दिवशी रात्रभर तोंडात घोळवला. आमच्या मोहल्ल्यात तोवर बायकांना एवढीच कामं होती, झाडायचं, धुवायचं आणि वाहायचं.

पुढची शाळा गावात होती. मराठी मुलींची, सरकारी. तोवर राजांचं राज्य गेलं होतं, मध्यभारत झाला होता. सरकारी शाळेत कुणालाही घ्यायचं, असा हुकूम निघाला. बा मला घेऊन गेला. मुख्याध्यापिकेला सगळे मोठ्या बाई म्हणत. त्या चिडल्या नाहीत, ओरडल्या नाहीत. शांत आवाजात म्हणाल्या, "हुकूम आहे, तर घ्यावं लागेलच. पण सध्या हिला बाहेर बसू दे. इन्स्पेक्शन होऊन जाऊ दे. मग नाव घालते."

बा हात जोडून, मान हलवून परत गेला. त्याला वाटलं, झालं काम.

मी व्हरांड्याच्या पायरीवर बसायला लागले. नाव घातलेलं नाही, म्हणजे मी शाळेत नव्हते. रोज येत होते, म्हणजे घरीही नव्हते. मायबरोबर नदीवर जाता येत नव्हतं, आत जाता येत नव्हतं. एक दिवस चुकवायची सोय नव्हती. चुकवला असता तर मोठ्या बाई म्हणाल्या असत्या, बघा, तिलाच नको आहे. ताप आला तरी मी जाऊन पायरीवर बसले आहे. कोंबडीला टोपलीखाली झाकतात, तिला उजेड दिसतो, बाहेर पडता येत नाही. तसं होतं ते.

त्यात आणखी एक गंमत. माझी पाचवी चौकाच्या पलीकडे होती. तिथलं काही ऐकू यायचं नाही. पायरीला लागून आठवीचा वर्ग होता. तिथलं सगळं ऐकू यायचं. त्यामुळे पाचवीचं मी काहीच शिकले नाही. आठवीचं एक गणित शिकले. आजही तेवढंच येतं.

ते गणित असं. एक काठी उभी, एक आडवी. उभीला य म्हणायचं, आडवीला क्ष. एक तिरपी रेघ लांबून येते. ती उभ्या काठीला कुठं छेदते, ते काढायचं. गणिताच्या बाई पुन्हापुन्हा सांगायच्या, क्ष शून्य धरा. म्हणजे उभ्या काठीपासून जे आडवं अंतर आहे, ते संपवा. अंतर संपलं की रेघ काठीला लागली. लागली तिथला आकडा वाचा, तेच उत्तर. मला बाहेर बसून कळलं. आतल्या मुलींना कळेना. त्या म्हणायच्या, बाई, क्ष शून्य का धरायचा? आम्ही दोन धरला तर?

गणिताच्या बाई तरुण होत्या. इंदूरला शिकून आलेल्या, खादी नेसायच्या. त्यांच्या डोक्यात होतं की मुलींना प्रत्यक्ष करून दाखवावं. इन्स्पेक्टरलाही तेच दाखवावं. चौकात एकेक फुटाच्या चौकोनी फरश्या होत्या. बाई म्हणाल्या, हाच आपला आलेखाचा कागद. एक फरशी म्हणजे एक घर. उभ्या अक्षाला एक बांबू आणला, त्यावर फुटाफुटावर गेरूचे पट्टे मारले. बांबूपासून आठ फरश्यांवर, दोन फरश्यांच्या फटीत, एक खिळा ठोकला. मध्ये चार फरश्यांवर दोन फुटांची एक काठी उभी केली, तळाला पाट लावून. खिळ्याला दोरी बांधायची, काठीच्या डोक्यावरून न्यायची आणि तशीच सरळ ताणत बांबूपर्यंत आणायची. ती बरोबर चौथ्या पट्ट्याला लागली पाहिजे.

बांबू मात्र उभा राहीना. फरशीत खड्डा करायला मोठ्या बाई परवानगी देईनात. मग शकू नावाच्या मुलीला धरायला सांगितलं. शकू वकिलांची. दुसऱ्या दिवशी वकिलांचा निरोप आला, माझी मुलगी शिकायला येते, हमाली करायला नाही. मग बाकीच्या मुलींचेही हात दुखायला लागले.

तेव्हा बाईंची नजर पायरीवर गेली.

"ए, तू रिकामीच असतेस ना?"

खरं सांगते, मला आनंद झाला. मला वाटलं, आत घेतलं. फरशीवर पाय ठेवताना मी परकराला हात पुसले. बांबू धरला आणि ताठ उभी राहिले, झेंडावंदनाला उभे राहतात तशी.

शकू दोरीचं टोक घेऊन आली. सुताची दोरी. काठीवरून आली, सरळ ताणत आली, आणि माझ्यापासून हातभर अंतरावर थांबली.

बाई म्हणाल्या, "टेकव ना."

शकू टेकवेना. दोरी सुताची. माझ्या हातात बांबू, बांबूला दोरी, दोरीला शकू. विटाळ असा चालत जातो, हे शाळेतल्या सगळ्यात लहान मुलीलाही माहीत होतं. क्ष शून्य का धरायचा ते त्यांना माहीत नव्हतं, पण हे माहीत होतं.

"बाई, इथून पुढं समजा ना," शकू म्हणाली.

बाई म्हणाल्या, समजा चालणार नाही, इन्स्पेक्टर म्हणेल रेघ लावून दाखवा. दुसरीला बोलावलं. तीही हातभर अलीकडे थांबली. तिसरी तर आणखी मागे. बाईंना घाम आला. त्या माझ्याजवळ आल्या, जवळ म्हणजे दोन फरश्या राखून, आणि हळू आवाजात म्हणाल्या, "हे बघ, मी असलं काही मानत नाही. पण मुलींच्या घरचे आहेत ना."

मी बांबू धरून उभी.

त्यांनी आठवडाभर जे अंतर शून्य करायला शिकवलं, ते हातभर अंतर शून्य होत नव्हतं. बाईंनी त्याला उपाय काढला. आता उपाय काय काढावा? तुम्हाला वाटेल, दुसरं कुणी बांबू धरेल. किंवा बाई स्वतः धरतील. नाही. बाईंनी दोरी बदलली.

रेशमाला आणि लोकरीला विटाळ होत नाही. हे त्यांचं शास्त्र. सोवळं म्हणून रेशमाचा मुकटा चालतो, लोकरीची धाबळी चालते. रेशमाचा दोरा बाईंच्या सासूबाई देईनात. लोकर शाळेतच होती, विणकामाच्या तासाची. मोठ्या बाईंच्या नातवाच्या स्वेटरसाठी आणलेली, लालभडक. तिचा गुंडा आला. मुलींनी सुटकेचा श्वास सोडला. शकू लोकरीचं टोक घेऊन आली आणि बिनघोर बांबूला टेकवलं. मधे लाल धागा, एका टोकाला ती, एका टोकाला मी. बाई म्हणाल्या, बघा, मार्ग असतो.

पण लोकरीला ताण नसतो. ती पोट सोडते. ओढली तर लांबते, आणखी ओढली तर तुटते. काठीवरून ती लोंबत यायची आणि साडेतीनाच्या जवळ टेकायची. उत्तर हवं चार. ओढून चारावर नेली तर मधल्या काठीवरून लोकर अधांतरी उचलली जायची, रेघ काठीला सोडून चाललेली दिसायची. बाईंनी खिळा हलवून पाहिला. काठी बदलून पाहिली. मुली म्हणायला लागल्या, बाई, साडेतीनच उत्तर धरू या ना.

तेव्हा बाईंचं लक्ष माझ्या मागे गेलं. नाली. अर्धा फूट खोल.

बांबू अर्धा फूट खाली गेला, की साडेतीनाच्या जागी चार येणार.

"जरा मागे सरक. आणखी. उतर खाली."

मी उतरले. पाणी गार होतं. उत्तर बरोबर आलं.

बांबू नालीत टेकवून वरून, फरशीवरूनही धरता आला असता. मी तसा प्रयत्न केला. वाकावं लागायचं, बांबू कलायचा. बाई म्हणाल्या, नको, तू खालीच बरी. तिथून सरळ राहतो.

इन्स्पेक्शनपर्यंत रोज तालीम. रोज नाली. चौथा पट्टा माझ्या गळ्याशी यायचा. लाल धागा रोज गळ्यासमोर येऊन टेकायचा, आणि कुणी तरी मुलगी बोलायचीच, बाई, रेघ हिच्या गळ्याशी छेदते. सगळ्या हसायच्या. माझं नाव खांब पडलं. "खांब आली का गं?" "खांबाला सांग, आज लवकर." मुली वाईट नव्हत्या. एकीनं मला पेरूही दिला, लांबून टाकून. नाव मात्र कुणी विचारलं नाही. बाईंनीही नाही.

घरी मी काय सांगितलं? सांगितलं की मला गणिताच्या तासाला उभं करतात. माय खूश. तिनं शेजारणीला सांगितलं. पायाच्या बोटांमध्ये चिखल्या झाल्या होत्या, तिनं विचारलं नाही, कारण तिच्याही पायांना होत्याच. बारा वर्षांची पोर मी. मला कळत होतं की हे बरोबर नाही. पण मोठ्या बाई म्हणाल्या होत्या, इन्स्पेक्शन होऊ दे, मग नाव घालते. म्हणजे इन्स्पेक्शन चांगलं झालं पाहिजे. म्हणजे उत्तर चार आलं पाहिजे. म्हणजे मी नालीत पाहिजे. असं सगळं एकाला एक बांधलेलं. कुठून सोडवायचं?

इन्स्पेक्टर आले. नवे होते, ग्वाल्हेरकडचे, हिंदी बोलणारे. डोक्याला पांढरी टोपी, चेहरा हसरा. चौकात सतरंजी घातली होती, त्यावर आठवीच्या मुली ओळीनं. रांगोळी काढलेली. नालीत त्या दिवशी चुना टाकला होता, वास येऊ नये म्हणून. चुन्याच्या पाण्यात चिखल्या कशा झोंबतात, ते ज्याला झाल्या आहेत त्याला विचारा.

शकूनं खिळ्याला लोकर बांधली. काठीवरून घेतली. बाई बोलत होत्या, समजावत होत्या, क्ष शून्य धरला की काय होतं, सगळं अर्धं मराठी, अर्धं हिंदी. लाल धागा आला आणि माझ्या गळ्यासमोर चौथ्या पट्ट्यावर टेकला. सगळ्या मुली एका सुरात म्हणाल्या, चार.

इन्स्पेक्टर खूश झाले. मोठ्या बाईंना म्हणाले, अशा शाळा असतील तर देश पुढं जाईल. मग त्यांनी माझ्याकडे पाहिलं. इतक्या दिवसांत बांबूकडे न बघता माझ्याकडे बघणारे ते पहिले. त्यांनी विचारलं, "और बिटिया, तुम किस क्लास में हो?"

मी तोंड उघडलं. मला सांगायचं होतं, पाचवी. नाव घातलेलं नव्हतं तरी मी पाचवीच सांगणार होते.

माझ्याआधी मोठ्या बाई बोलल्या. मोठ्यानं नाही. सहज.

"ये किसी क्लास में नहीं है, साहब. ये तो खंबा है."

मुली हसल्या. गणिताच्या बाई खाली बघायला लागल्या. इन्स्पेक्टरही हसले, काय करावं ते न कळून माणसं हसतात तसे.

मला काय झालं ते सांगता येत नाही. राग आला असं म्हणणं सोपं आहे. राग नव्हता. मला एकदम दिसलं की इन्स्पेक्शन झाल्यावरही माझं नाव घालणार नाहीत. त्यांच्या डोक्यात मला बसायला जागाच नव्हती. धरायला बांबू होता, उभी राहायला नाली होती, एवढंच. मी ज्याची वाट बघत होते ते कुठंच नव्हतं.

धागा माझ्या गळ्यासमोर होता. मी बांबू सोडला आणि धागा धरला. मुठीत.

शकूनं हातातलं टोक फेकलं. इंगळी डसावी तसं फेकलं आणि हात अंगापासून लांब धरून उभी राहिली. लोकरीला विटाळ होत नाही म्हणत होते ना? आठवडाभर तोच धागा चालला, कारण मधे बांबू होता. माझा हात लागला तेव्हा लोकरही सुटली, शास्त्रही सुटलं. चौकात सगळ्यांनी ते पाहिलं. इन्स्पेक्टरनं पाहिलं. बांबू नालीत आडवा पडला.

मी वर आले. फरशीवरून ओल्या पायांनी चालत गेले आणि सतरंजीवर, पहिल्या ओळीत, शकूच्या रिकाम्या जागेवर बसले. मांडी घालून.

"मला आत बसायचंय," मी म्हणाले.

ओळ उठली. मग दुसरी उठली. चिमण्या उठतात तशा सगळ्या उठल्या. एवढ्या मोठ्या सतरंजीवर मी एकटी.

तुम्हाला वाटेल, इन्स्पेक्टर काही बोलले असतील. आमच्या मोहल्ल्यातही सगळ्यांना तसंच वाटलं. ते चांगले गृहस्थ होते. त्यांनी टोपी काढली, पुन्हा घातली, आणि मोठ्या बाईंना म्हणाले, "आगे चलिए." मग कार्यालयात चहा झाला. कपबश्यांचा आवाज मला सतरंजीवर ऐकू येत होता.

मी शाळा सुटेपर्यंत बसून राहिले. कुणी मला उठवायला हात लावू शकत नव्हतं. तेवढा एक फायदा.

दुसऱ्या दिवशी बाला बोलावणं आलं. बा गिरणीतली पाळी सोडून आला, भुवया पांढऱ्या तशाच. मोठ्या बाई व्हरांड्यात, आम्ही पायरीखाली. चौकात सतरंजी दोरीवर वाळत टाकलेली नव्हती, कोपऱ्यात गोळा करून ठेवली होती. आणि बांबू उभा होता. फरशीवर. डालड्याच्या मोठ्या डब्यात वाळू भरली होती, त्यात बांबू खोचला होता. ताठ उभा होता. कुणी धरलेला नव्हता.

मी त्या डब्याकडे बघत राहिले. वाळू नदीत हवी तेवढी होती. डबा शाळेच्या कोठीतलाच होता. माझी गरज नव्हती. पहिल्या दिवसापासून नव्हती. डब्यात वाळू भरायचं कुणाला सुचलं नाही, कारण मी पायरीवर रिकामी दिसत होते.

मोठ्या बाई बाला म्हणाल्या, पोर लहान आहे, मी मनावर घेत नाही. इन्स्पेक्टर साहेबांनीही जाताना सांगितलं आहे, हिला दाखल करून घ्या म्हणून. मी आजच नाव घालते. फक्त दोन गोष्टी. सतरंजी बाटली आहे, ती हिनं धुवून द्यायची, वर गोमूत्र आम्ही शिंपडू. आणि प्रार्थनेच्या वेळी सगळ्या मुलींसमोर म्हणायचं, मी बसले ते चुकले.

"एवढंच," त्या म्हणाल्या.

खरंच एवढंच होतं. लबाडी नव्हती त्यात. त्या नाव घालणार होत्या. मी ओळखलं. इतके दिवस ज्यासाठी पायरी झिजवली, ते समोर होतं. पाचवी, सहावी, सातवी. मास्तरीण.

बानं हात जोडले. म्हणाला, "धुईल, बाई. म्हणेल. का नाही म्हणणार. म्हण गं."

मी सतरंजीच्या गोळ्याकडे बघत होते.

"म्हण की गं पोरी. तोंड आहे ना तुला?"

"सतरंजी धुते," मी म्हणाले. "चुकले म्हणणार नाही."

बाचा हात उचलला गेला. त्यानं मारलं नाही. मोठ्या बाई म्हणाल्या, एका शब्दासाठी मुलीचं नुकसान करू नका, घरी नेऊन समजवा, मी आठवडाभर थांबते. हे त्या प्रेमानं म्हणाल्या. अशा वेळी त्या नेहमी प्रेमानं बोलत.

परत जाताना बा घंटाघराजवळ थांबून म्हणाला, "मी रोज म्हणतो. गिरणीत, दुकानात, पाणक्याला. चुकलं साहेब, चुकलं शेट. माझं काय झिजलं?"

मी त्याच्याकडे पाहिलं. झिजलं होतं. मला दिसत होतं. पण बापाला तसं म्हणता येत नाही.

"तू म्हणतोस म्हणून मला म्हणायचं नाही," मी म्हणाले.

त्यानं आठवडाभर समजावलं. मायनं समजावलं, रडून. मोहल्ल्यातले मास्तर आले, त्यांनीही समजावलं. आत शिर, शिक, मग भांड, असं म्हणाले. शहाण्यासारखं बोलत होते. त्यांना उत्तर मी आज देते. त्या दारातून चुकले म्हणून आत गेले असते, तर पुढं भांडणारी जी होती ती बाहेरच राहिली असती. आत दुसरीच कुणी तरी गेली असती. ती मास्तरीण झाली असती कदाचित. पगार घेतला असता. आणि पायरीवर बसलेल्या पोरीला म्हणाली असती, सध्या थांब.

आठवडा संपला. मी मायबरोबर भैरवगढला गेले. नदीच्या पाण्यात गुडघाभर उभी राहून लुगडी आपटायला लागले. माझेही हात तांबडे झाले.

मध्यभारत गेला, मध्यप्रदेश आला. पाट्या बदलल्या, शाळा मराठीची हिंदी झाली. मोठ्या बाई वारल्या. गणिताच्या बाई एकदा फ्रीगंजच्या बाजारात दिसल्या, म्हाताऱ्या झालेल्या. त्यांनी मला ओळखलं. थांबल्या. म्हणाल्या, "तुझं नाव काय गं? मला कधी कळलंच नाही." मी म्हणाले, आता कशाला हवं. आणि भाजी घेऊन निघून आले. मला त्यांचं वाईट वाटलं नाही. वाटायला हवं होतं असं कुणी म्हणेल. नाही वाटलं.

शिक्षण गेलं, त्याचं दुःख आहे का? आहे. भारी आहे. बँकेत इंग्रजी फॉर्म भरायला दुसऱ्याकडे जावं लागतं तेव्हा दर वेळी नव्यानं होतं. मी जिंकले वगैरे काही नाही. त्यांची शाळा चालली, माझी बंद झाली. हे असंच आहे, गोड करून सांगणार नाही.

माझी मुलगी सहा वर्षांची झाली तेव्हा मी तिला शाळेत घेऊन गेले. मास्तरनं नाव घातलं आणि म्हणाला, इसे अभी पीछे दरवाज़े के पास बैठने दो, बाद में देखेंगे. मी तिला उचललं, वर्गाच्या मधोमध बसवलं आणि शेजारी मी बसले. मास्तर म्हणाला, बाई, तुम्ही जा. मी म्हणाले, ही इथं रोज बसायला लागली की जाईन. पोरं हसली. माझी मुलगी लाजून रडली, आई तू जा ना म्हणाली. मी गेले नाही. दुसऱ्या दिवशी पुन्हा जाऊन बसले. कामाचा खाडा पडत होता, घरात मालक ओरडत होता. मी बसत राहिले, शेजारची पोरं सरकेनाशी झाली तोपर्यंत.

आता नातीचीही मुलं शाळेत जातात. कुणी त्यांना कुठं बसवलं, ते मी रोज विचारते. नात म्हणते, आजी, आता तसं राहिलं नाही गं. असेल. नसेल राहिलं. मी विचारणार. आणि ज्या दिवशी एका जरी पोराचं उत्तर मला पटणार नाही, त्या दिवशी माझे गुडघे चालोत न चालोत, मी त्या वर्गात जाऊन बसणार आहे. कुणाला विचारणार नाही. उठा म्हटलं तर उठणार नाही.